वरची ओळ

“वरची ओळ आज झाकून टाका, अप्पा. उद्या मोर्चा या गल्लीतून जाणार आहे.”

माझा थोरला भाऊ अण्णा पायरीवर उभा राहूनच बोलत होता. चपलाही काढल्या नव्हत्या. अप्पा दुकानात पाटावर बसून ब्रश धूत होते. त्यांनी ब्रशाचे केस बोटांनी पिळले, चिंधीला पुसले आणि मग वर बघितलं.

“कुठली वरची ओळ?”

“तुम्हाला माहीत आहे.”

“ती हिंदी नाही.”

“मला कळतं ते. मोर्चातल्या शेकडो पोरांना कोण सांगणार?”

“तू सांग. तू पुढे चालतोस ना?”

अण्णाने माझ्याकडे बघितलं. मी आतल्या दाराशी रसायनशास्त्राचं पुस्तक घेऊन उभी होते.

“मी सांगायला गेलो तर काय म्हणतील माहीत आहे?” तो म्हणाला. “म्हणतील, रायर शेवटी रायरच निघाला.”

“मग खोटं म्हणतील का?”

तंजावरात आम्हा मराठी लोकांना रायर म्हणत. भोसल्यांच्या मागून आमचे पूर्वज तिकडे गेले, पुढे राज्य गेलं आणि माणसं राहिली. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर तमिळ, हे आम्हाला इतकं सवयीचं होतं की एका भाषेतून दुसरीत कधी गेलो ते जिभेलाही कळत नसे. आमची मराठी पुण्याच्या माणसाला विचित्र वाटते. मी नंतर पुण्यात शिकले, तेव्हा मुली माझ्या बोलण्याला हसायच्या. म्हणून इथे घरातलं बोलणं मी तिथे शिकलेल्या मराठीत लिहिते आहे.

१९६५ चा जानेवारी महिना होता. हिंदी ही देशाची एकमेव राजभाषा होणार होती आणि मद्रास राज्यातली कॉलेजं रस्त्यावर आली होती. गावोगाव हिंदी पाट्यांवर डांबर फासलं जात होतं.

अप्पा पाट्या रंगवत. तमिळ आणि इंग्रजी रंगवणारे गावात पुष्कळ होते. नागरी अक्षर वळणदार काढणारे अप्पा एकटेच, त्यामुळे गावातल्या बहुतेक हिंदी पाट्या त्यांच्या हातच्या होत्या. अप्पांना हिंदी येत नव्हती. कागदावर लिहून आलेलं ते अक्षर-अक्षर करून फळीवर उतरवत. उत्तरेकडून बदलून आलेल्या एका साहेबाने एकदा तक्रार केली, की यातला ल मराठी वळणाचा झालाय. अप्पा म्हणाले, “माझ्या हाताला तोच येतो.” मी स्वतः नागरी लिपी पुस्तकातून शिकलेच नाही. हातभर उंचीची अक्षरं मला आधी वाचता आली आणि पुस्तकातली बारीक अक्षरं नंतर.

आमच्या दुकानावरच्या पाटीत तीन ओळी होत्या. मधली तमिळ, खालची इंग्रजी, दोन्हींत फक्त अप्पांचं नाव आणि ‘पेंटर’. वरच्या ओळीत पिवळ्या रंगाने, तांबडी कड देऊन लिहिलेलं होतं, ‘भुजंगराव आणि पुत्र’. ती ओळ अप्पांनी अण्णाच्या जन्मानंतर रंगवली होती. त्याचं नाव सखाराम. कॉलेजात गेल्यावर त्याने इळंगो हे तमिळ नाव घेतलं होतं. पुष्कळ मुलं घेत.

“दुसऱ्यांच्या पाट्या आठवडाभर झाकताय,” अण्णा म्हणाला. “कापडवाल्याची झाकलीत, औषधवाल्याची झाकलीत. आपलीच का नाही?”

“त्या पाट्यांचे मालक आले होते सांगायला. या पाटीचा मालक मी आहे.”

“ते दगड मारतील, अप्पा.”

“इळंगोला सांग, दगड मारताना जरा जपून. आत सखाराम राहतो.”

अण्णाचा चेहरा लाल झाला. समोरच्या सायकलदुकानातून चोक्कलिंगम हे सगळं बघत होता. त्याला मराठी कळत नसे, पण भांडण कळे. तो तमिळमध्ये ओरडला, “रायर, वरून एक गोणपाट टाका की! विचारलं तर सांगा, पाटीला ताप आलाय!”

अप्पा हसले. अण्णा हसला नाही. तो रात्री जेवला आणि उशी घेऊन बाहेर तिण्णैवर झोपायला गेला. तिण्णै म्हणजे घरापुढचा ओटा. गल्लीतली सगळी पुरुषमाणसं तिथेच झोपत. पाटी बरोबर त्याच्या डोक्यावर होती.

सकाळी मी उठले तेव्हा तो निघून गेला होता आणि आई स्वयंपाकघरात चिडली होती.

“सुगुणा, खळ कुठे सांडलीस?”

“मी हात नाही लावला.”

“काल पातेलंभर करून ठेवली होती, लुगड्यांसाठी. तळाला चमचाभर उरली आहे. मांजर खळ पितं का?”

“अप्पांनी घेतली असेल.”

“त्यांना कशाला? पोंगल होऊन गेला की.”

हे खरं होतं. खळ अप्पांना सणाच्या आधी लागे. कापडदुकानांना पोंगल-दिवाळीपुरती वेगळी अक्षरं हवी असत. अप्पा मूळ पाटीवर खळीचा हात देत, ती वाळली की वर सणाचा मजकूर रंगवत. सण संपल्यावर आम्ही भावंडं ओली फडकी घेऊन जायचो. फडकं दाबून धरलं की खळ फुगायची आणि वरचा रंग पापुद्र्यासारखा सुटून यायचा. खालची मूळ अक्षरं जशीच्या तशी. लहानपणी आम्हाला ती जादू वाटे.

पण त्या सकाळी असल्या गोष्टींचा विचार करायला कोणाला वेळ नव्हता. आईने पुन्हा तांदूळ शिजत घातले. अप्पांनी दुकान रोजच्या वेळेला उघडलं, बाहेर जाऊन पाटीकडे जरा वेळ बघितलं आणि आत येऊन बसले. आई म्हणाली, “अहो, आज फळ्या लावून घ्या.” ते म्हणाले, “फळ्या लावल्या तर घाबरलो म्हणतील. नाही लावल्या तर माजलो म्हणतील. त्यापेक्षा उजेड तरी येऊ दे.”

मोर्चा दुपारी आला. आधी आवाज आला. “हिंदी ओळिक! तमिळ वाळ्क!” म्हणजे हिंदी नष्ट होवो, तमिळ चिरायू होवो. मग गल्लीच्या तोंडाशी पोरं दिसली. मला त्यातली निम्मी ओळखीची होती. एकाला मी गणितं समजावून दिली होती. अण्णा दुसऱ्या रांगेत होता. पहिल्या रांगेत मणिमारन नावाचा तिरुचीहून आलेला मुलगा होता, त्याच्या हातात डांबराची बादली. रॉकेल घालून पातळ केलेल्या डांबराचा वास गल्लीभर पसरला होता.

तो आमच्या दारात थांबला. पाटीकडे बघून म्हणाला, “हे काय?”

चोक्कलिंगम पुढे झाला. “अरे, ते हिंदी नाही. रायर लोकांची भाषा आहे ती. मराठी.”

“अक्षरं तर तीच आहेत.”

“अक्षरं तीच, भाषा वेगळी.”

“आणि गावातल्या हिंदी पाट्या कोणी रंगवल्या?” मागून कोणीतरी विचारलं. “यानेच ना?”

आवाज वाढले. कोणीतरी दगड उचलला. मी दाराच्या चौकटीला धरून उभी होते. अप्पा पाटावरून उठून बाहेर आले आणि पाटीखाली उभे राहिले. साधे उभे राहिले, हात मागे बांधून, जसे रंग वाळताना उभे राहत.

मणिमारन अण्णाकडे वळला. “इळंगो, हे तुझंच घर ना? तू सांग. हिंदी की नाही?”

मला वाटलं, अण्णा आता सांगेल. त्याने सांगावं असं मला वाटत होतं, आणि सांगितलं तर काय होईल याची भीतीही वाटत होती. अप्पा त्याच्याकडेच बघत होते.

अण्णाने मणिमारनच्या हातातली बादली घेतली. मग माझ्याकडे वळून म्हणाला, “शिडी आण.”

हे तो तमिळमध्ये म्हणाला. तोपर्यंत आम्ही भावंडं एकमेकांशी कधी तमिळ बोललो नव्हतो.

मी शिडी आणली. अप्पांचीच शिडी, रंगाचे ठिपके पडलेली. अण्णा चढला. पोरं टाळ्या वाजवू लागली. आई आतून बाहेर आली होती, तिने पदर तोंडाला लावला.

अण्णाने ब्रश बुडवला आणि ‘भुजंगराव’मधल्या भ वर ठेवला. डांबर जाड होतं. एक थेंब ओळीखाली घरंगळायला लागला.

“ब्रश बादलीच्या काठाला पूस,” अप्पा खालून म्हणाले. मराठीत, एरवी कामाच्या वेळी बोलत त्याच आवाजात. “कोरडा घे. खालच्या ओळीवर ओघळ येऊ देऊ नकोस.”

अण्णाचा हात थांबला.

“काय म्हणतो रायर?” मणिमारनने विचारलं. “काय म्हणतोय?”

अण्णाने खाली न बघता तमिळमध्ये सांगितलं, “म्हणतात, तमिळवर डांबर पडू देऊ नकोस.”

एकदम आरोळी उठली. “रायर वाळ्क!” ज्याने दगड उचलला होता तोही ओरडत होता. चोक्कलिंगमने कपाळावर हात मारून घेतला. अप्पा हसले नाहीत, हललेही नाहीत. अण्णाने ब्रश काठाला पुसला आणि वरची ओळ डावीकडून उजवीकडे, एकसारख्या हाताने, पूर्ण काळी केली. इतकं सरळ काम मोर्चाने गावात दुसरीकडे कुठे केलं नसेल. खालच्या तमिळ ओळीवर एक ठिपकाही पडला नाही.

जाताना मणिमारन अप्पांजवळ आला. आवाज नम्र होता. “रायर, हे असंच राहू द्या. पुसलेलं दिसलं, तर आम्ही तुम्हाला काही विचारणार नाही. तुमच्या मुलाला विचारू.”

संध्याकाळी अण्णा घरी आला तेव्हा आईने त्याला पायरीवर गाठलं. “घराच्या तोंडाला काळं फासलंस! बापाच्या शिडीवर चढून!”

अण्णाने अप्पांकडे बघितलं. त्याला काहीतरी बोलायचं होतं असं मला वाटलं. अप्पा ब्रश धूत होते.

“जेवून घे,” अप्पा म्हणाले.

एवढंच. त्यानंतर ते दोघं भांडले नाहीत, आणि भांडण संपल्यावर माणसं बोलतात तसं बोललेही नाहीत. ‘आलास?’ ‘हो.’ ‘जेव.’ ‘निघालास?’ ‘हो.’ असं.

आंदोलन पुढे काही आठवडे चाललं. गोळीबाराच्या बातम्या येत होत्या. अण्णाच्या कॉलेजातल्या एका मुलाला, तो पोलिसांना नावं सांगतो असा संशय घेऊन, त्याच्याच मित्रांनी हात मोडेपर्यंत मारलं. आई अण्णा घरी येईपर्यंत दारात बसून राही.

त्याच दिवसांत एकदा अवेळी भुरभुर पाऊस झाला. सकाळी अप्पांनी मला हाक मारली. “सुगू, शिडी धर.”

ते वर चढले. पाटीच्या वरच्या कोपऱ्यात नखाएवढा डांबराचा पापुद्रा सुटला होता आणि आतून पिवळा रंग दिसत होता. अप्पांनी तिथे बोट लावलं. मग अंगठा आणि तर्जनी एकमेकांवर बराच वेळ चोळली, कापडाचा पोत बघतात तशी. मी खालून विचारलं, “काय झालं?”

“काही नाही. काळ्या वार्निशची डबी दे.”

त्यांनी तेवढा कोपरा वार्निशने झाकला. मग दुकानामागून एक लांब पत्रा काढला आणि पाटीच्या वर तिरका ठोकला, पाटीच्या दोन्ही बाजूंनी वीतभर पुढे येईल असा.

“हा कशाला?” मी विचारलं.

“पाटीला ऊन लागतं.”

मी त्या वर्षी विज्ञान शाखेत होते आणि कुठलीही गोष्ट तपासल्याशिवाय सोडत नव्हते. मी म्हणाले, “पाटीचं तोंड उत्तरेला आहे. तिच्यावर ऊन कधीच पडत नाही.”

“शिडी नीट धर,” अप्पा म्हणाले.

त्यांनी तो पत्रा आयुष्यभर सांभाळला. गंजला की बदलत. पुढे निवडणुका झाल्या, सरकार बदललं, गावात नागरी अक्षरांचं काम संपलं. अप्पा तमिळ पाट्या रंगवत राहिले. मी शिष्यवृत्ती मिळवून पुण्याला गेले, रसायनशास्त्र शिकले आणि तिथेच शिकवायला लागले. अण्णा मदुरैला तमिळचा शिक्षक झाला. पोंगलला घरी यायचा. पायरीवर आला की आधी मान वर करून काळ्या ओळीकडे आणि तिच्यावरच्या पत्र्याकडे बघायचा, मग चपला काढायचा. बहुतेक वेळा त्याच संध्याकाळच्या गाडीने परत जायचा. आई म्हणायची, “पत्रा काढून टाका हो एकदाचा. पाऊस-वाऱ्याने निघून तरी जाईल ते.” अप्पा म्हणायचे, “असू दे.”

अप्पा गेले तेव्हा मी चाळिशी ओलांडली होती. तेरावं झाल्यावर घर विकायचं ठरलं. आई अण्णाकडे जाणार होती. भांडी, पलंग, देव यांखेरीज वाटणी करण्यासारखं काही नव्हतं. मी म्हणाले, मला पाटी हवी.

अण्णानेच शिडी लावून ती उतरवली. आम्ही ती मागच्या अंगणात भिंतीला टेकवून ठेवली. डांबर वाळून त्याला बारीक भेगा पडल्या होत्या. मी शेजारून बाटलीभर रॉकेल आणलं आणि चिंधी भिजवायला लागले.

“रॉकेल नको,” अण्णा म्हणाला.

“मग डांबर कशाने निघणार?”

“पाणी आण.”

“पाण्याने डांबर निघत नाही, अण्णा.”

“तू पाणी तर आण.”

मी बादली घेऊन विहिरीकडे वळले आणि थांबले. पातेल्याच्या तळाशी उरलेली चमचाभर खळ मला आठवली, आणि सकाळी चिडलेली आई. खळीवर रॉकेलचा परिणाम होत नाही. ती पाण्याने फुगते. मी हे दरवर्षी पहिल्या वर्षाच्या मुलांना शिकवत होते.

“तू लावलीस?”

“पहाटे. सगळे झोपेत होते. मोर्चा येईपर्यंत वाळेल की नाही, धाकधूक होती.”

“अप्पांना का नाही सांगितलंस?”

तो पाटीसमोर उकिडवा बसला. त्याचे केस अप्पांसारखेच कानांवर पांढरे झाले होते.

“काय सांगणार होतो? त्यांच्या देखत काळं तर फासलंच होतं ना. मला वाटलं, ऐप्पसीतला, दिवाळीचा पाऊस आला की आपोआप निघेल. सगळं थंडावलेलं असेल तोवर. एके सकाळी त्यांना पाटी स्वच्छ दिसेल आणि ते ओळखतील. त्यांच्याच हाताखाली शिकलेली गोष्ट.” त्याने रॉकेलची बाटली बाजूला सारली. “पण त्याआधीच एकदा घरी आलो तर वर पत्रा. मग कळलं. त्यांना ते तसंच ठेवायचं होतं. मी आलो की मला दिसावं म्हणून. दरवर्षी बघितलं मी ते. म्हटलं, ठीक आहे. तेवढा त्यांचा हक्क आहे.”

मी बादली खाली ठेवली. मग त्याला तो भुरभुर पाऊस सांगितला. नखाएवढा सुटलेला कोपरा सांगितला, अप्पांची एकमेकांवर चोळली जाणारी बोटं आणि वार्निशची डबी सांगितली. ऊन लागतं असं ते म्हणाले आणि पाटीचं तोंड उत्तरेला आहे असं मी म्हणाले, तेही.

“खळीचा हात त्यांना बोटाला कळला नसेल?” मी म्हणाले. “पत्रा त्यांनी त्याच दिवशी ठोकला. आधी नाही. डांबर गळून पडलं असतं तर मणिमारन कोणाला विचारायला येणार होता?”

अण्णाने काळ्या ओळीवरून बोट फिरवलं. आतून आईचा आवाज आला, चहा गार होतोय म्हणून. आम्ही दोघांनीही ओ दिली नाही. मग त्याने विचारलं, “पण मग नंतर? सगळं शांत झाल्यावर?”

पत्रा आधी पोरासाठी ठोकला आणि पुढे तो काढायचा कोणी हे दोघांनाही कळलं नाही, असं असेल. किंवा काढायला अण्णानेच वर चढावं याची ते वाट बघत असतील. जे तपासता येत नाही ते मी बोलत नाही.

मी विहिरीचं पाणी आणलं. फडकं भिजवून ओळीच्या शेवटच्या टोकाला दाबून धरलं, लहानपणी धरायचो तसं. पाणी भेगांतून आत शिरायला वेळ लागला. मग फडक्याखाली काहीतरी मऊ झालं. मी फडकं उचललं तर काळा पापुद्रा त्याला चिकटून आला. खाली त्र होता. पिवळा, तांबड्या कडेचा, काल रंगवल्यासारखा.

मी घाईने दुसरं फडकं पिळलं. काळं पाणी फळीवरून खाली धावायला लागलं.

“सुगू, कोरडं घे,” अण्णा म्हणाला आणि त्याने माझ्या हातातून फडकं घेतलं. आमच्या त्या जुन्या, पुण्यात हसतील अशा मराठीत तो म्हणाला, “खालच्या ओळीवर ओघळ येऊ देऊ नकोस.”